गृहभेटींना जाणाऱ्या कार्यकर्त्यांची सुरक्षितता: संस्थेने नेमकी कोणती व्यवस्था करावी?

प्रश्न: समन्वयक, परदेशीपुरा

सर्वांना सादर नमस्कार.

मी इंदुरातील एका लहान स्वयंसेवी संस्थेत समन्वयक म्हणून काम पाहतो. परदेशीपुरा, बाणगंगा या जुन्या गिरणी-भागातील वस्त्यांत आणि महूकडच्या काही गावांत आमच्या कार्यकर्त्या घरोघरी जातात. कौटुंबिक हिंसाचाराच्या तक्रारी, दारूपायी मोडत चाललेले संसार, शाळा सोडलेल्या मुली आणि अल्पवयात ठरवली जाणारी लग्ने, असे या कामाचे स्वरूप आहे. पगारी माणसे थोडी आहेत आणि त्यांतही बहुतेक तरुण मुली आहेत. काही समाजकार्याची पदवी घेऊन आलेल्या, तर काही त्याच वस्तीत वाढलेल्या.

अलीकडे घडलेला प्रसंग थोडक्यात सांगतो. पत्नीने आमच्याकडे तक्रार केल्याचे तिच्या नवऱ्याला मधल्या काळात कुणाकडून तरी कळले होते. आमची कार्यकर्ती ठरल्याप्रमाणे दुपारी एकटीच त्या घरी गेली, तेव्हा त्याने आतून कडी लावली, तिच्या हातातील नोंदवही हिसकावून घेतली आणि त्यात काय लिहिले आहे ते वाचून दाखवल्याशिवाय बाहेर पडू देणार नाही, असे धमकावले. शेजारच्या बाईंनी आवाज ऐकून दार ठोठावले म्हणून तिची सुटका झाली. अंगाला इजा झाली नाही. परंतु त्या दिवसापासून ती त्या गल्लीत जायला तयार नाही आणि मला तिचे म्हणणे योग्य वाटते.

यावर झालेल्या बैठकीत दोन मते पुढे आली. एका ज्येष्ठ विश्वस्तांच्या मते समाजकार्य पत्करले की एवढे सोसणे आलेच, त्याचा बाऊ करू नये. दुसऱ्यांनी सुचवले की मुलींच्या गृहभेटी बंद करून पुरुष कार्यकर्त्यांना पाठवावे. पहिले मत मला निर्दय वाटते आणि दुसरे अव्यवहार्य, कारण मार खाणारी बाई परक्या पुरुषापुढे तोंड उघडणार नाही आणि त्या पुरुषाच्या येण्यावरून घरात संशयाचे आणखी एक निमित्त मात्र तयार होईल.

माझे विचारणे असे आहे की, एकटीने गृहभेटीला जाणे सरसकट बंद करावे का, अशा प्रसंगी पोलीस आमच्या कार्यकर्तीला सरकारी कर्मचाऱ्यासारखे संरक्षण देतात का, आणि पैसा बेताचाच असलेल्या संस्थांनी प्रत्यक्षात कोणती पद्धत बसवली आहे? अनुभवी मंडळींनी सविस्तर लिहावे, ही विनंती.


उत्तर: निवृत्त पर्यवेक्षिका, सुदामानगर

आपला प्रश्न वाचून बरे वाटले, कारण हा प्रश्न बहुधा दुर्घटना घडून गेल्यावर विचारला जातो. मी महिला व बालविकास विभागात माळव्याच्या ग्रामीण भागात नोकरी केली. 2005 च्या मे महिन्यात, अक्षय तृतीयेच्या दिवसांत, धार जिल्ह्यात बालविवाह थांबवण्यासाठी घरच्यांची समजूत घालणाऱ्या आमच्याच विभागातील एका पर्यवेक्षिकेवर तलवारीने वार झाले आणि तिच्या दोन्ही हातांना भयंकर इजा झाली. तेव्हा वर्तमानपत्रांनी तिच्या धैर्याविषयी भरभरून लिहिले. अशा कामाला एकट्या बाईने का जावे लागते, हा प्रश्न मात्र फारसा कोणी विचारला नाही.

घर धोक्याचे आहे की नाही, एवढ्यावरून अंदाज बांधू नये. वर्षानुवर्षे चहा पाजणारे घर एका दिवसात उलटते. तक्रार झाल्याचे नवऱ्याला कळते तो दिवस, बाई माहेरी किंवा निवाऱ्यात निघून जाते तो दिवस, मुलाला घरातून हलवण्याचा विषय निघतो तो दिवस आणि न्यायालयाची नोटीस दारात येते तो दिवस, हे खरे जोखमीचे प्रसंग आहेत. म्हणून प्रत्येक भेटीपूर्वी, मागच्या भेटीनंतर त्या घरात काय बदलले, एवढा एक प्रश्न कार्यालयात बसून विचारला गेला पाहिजे आणि उत्तर माहीत नसेल तर ती भेट त्या घरात न घेता अंगणवाडीत, शाळेत किंवा आरोग्य केंद्रात घ्यावी. लसीकरणाच्या दिवशी बाई घराबाहेर पडते आणि कोणाच्या डोळ्यावर येत नाही, हे आम्ही फार वापरले.

एकटीने जाणे सरसकट बंद केल्यास तुमचे निम्मे काम थांबेल. पहिली भेट आणि वर सांगितलेल्या जोखमीच्या प्रसंगांतील भेट दोघींनीच करावी. बाकीच्या भेटींना एकटीने जाण्यास हरकत नाही, मात्र तिच्या मागे कार्यालयात बसलेली एक व्यक्ती नेमलेली हवी. कोणत्या घरी, किती वाजता, किती वाजेपर्यंत, हे त्या व्यक्तीकडे लिहिलेले असावे आणि ठरलेल्या वेळी फोन आला नाही तर पुढे काय करायचे, हेही आधीच ठरलेले असावे: प्रथम कार्यकर्तीला फोन, तो लागला नाही तर गल्लीतल्या ओळखीच्या बाईला फोन, आणि तेथूनही काही कळले नाही तर 112. मी पाहिलेल्या बहुतेक ठिकाणी मोबाईलवर ठिकाण पाठवण्याची पद्धत उत्साहाने सुरू होते. परंतु ते पाहण्याची जबाबदारी कोणावरच नसते, आणि मग ते ठिकाण त्या फोनमध्ये तसेच पडून राहते. मदत हवी आहे पण उघड बोलता येत नाही, अशा वेळेसाठी एक निरुपद्रवी वाक्य ठरवून ठेवावे. "लाल फाईल टेबलावर राहिली आहे का, बघता का?" हे आमचे वाक्य होते आणि आमच्या कार्यालयात लाल फाईल नव्हतीच.

काही बारीक गोष्टी पुस्तकांत सापडत नाहीत. आपल्याकडे चपला दाराबाहेर काढाव्या लागतात, म्हणून पट्ट्यांच्या सँडल घालू नयेत. पाय सरकवला की निघता येईल, अशी पादत्राणे हवीत. बसायला आतली खोली किंवा माडी दाखवली तर "इथे वारा छान येतो" म्हणून उंबरठ्याजवळच बसावे आणि दार व आपण यांच्यामध्ये कोणालाही बसू देऊ नये. ओळखपत्राची दोरी ओढताच सुटणारी असावी. ओढणीला पिन लावून ती मानेभोवती पक्की करू नये. दुचाकी गल्लीच्या तोंडाकडे वळवून उभी करावी. नोंदवहीत त्या घरी जाताना लागेल तेवढेच लिहिलेले असावे; तक्रारीचा तपशील कार्यालयातच राहू द्यावा, म्हणजे ती कोणी हिसकावली तरी त्या बिचाऱ्या बाईचा घात होणार नाही. आणि कार्यकर्तीने स्वतःचा मोबाईल क्रमांक कोणालाही देऊ नये. संस्थेचे वेगळे सिमकार्ड घ्यावे, त्याला फार खर्च येत नाही.

बालविवाहाच्या बाबतीत मात्र मी कडक सल्ला देईन. मांडव पडल्यावर समजूत घालायला कोणीही एकटे जाऊ नये. बालविवाह प्रतिबंध कायदा, 2006 याच्या कलम 13 खाली न्यायदंडाधिकाऱ्यांकडून आधीच मनाई आदेश घेता येतो आणि तो मोडून लावलेले लग्न कायद्याने मुळातच रद्द ठरते. अक्षय तृतीयेसारख्या दिवशी होणाऱ्या सामूहिक बालविवाहांसाठी तर कायद्याने जिल्हा दंडाधिकाऱ्यांनाच प्रतिबंध अधिकारी मानले आहे. आपण माहिती वेळेवर पोहोचवावी आणि दारात अधिकाऱ्यांना उभे राहू द्यावे.


उत्तर: जिल्हा न्यायालयातील एक वकील

ताईंनी व्यवहाराची बाजू उत्तम मांडली आहे. मी आपल्या दुसऱ्या प्रश्नापुरते लिहितो.

1 जुलै 2024 पासून लागू असलेल्या भारतीय न्याय संहितेत लोकसेवकाला कर्तव्यापासून रोखण्यासाठी त्याच्यावर हल्ला करणे किंवा बळ वापरणे हा कलम 132 खाली, तर त्यासाठी दुखापत करणे हा कलम 121 खाली गुन्हा आहे. दोन्ही दखलपात्र व अजामीनपात्र आहेत. सामान्य नागरिकाला मारलेली चापट मात्र कलम 115(2) मध्ये मोडते, जे अदखलपात्र आहे. आपल्याकडच्या ठाण्यांत त्याचे "अदम चेक", म्हणजे अदखलपात्र तक्रारीची पावती, फाडून हातात देतात आणि प्रकरण तिथेच थांबते. म्हणजे एकाच दारात, एकाच माणसाने, सरकारी पर्यवेक्षिकेला आणि तिच्या शेजारी उभ्या असलेल्या संस्थेच्या कार्यकर्तीला मारले, तर कायद्याच्या दृष्टीने त्या दोन वेगळ्या गोष्टी होतात. मला हा भेद अन्यायाचा वाटतो, पण आज स्थिती अशी आहे.

याला एक महत्त्वाचा अपवाद आहे आणि बऱ्याच संस्थांना तो माहीत नसतो. कौटुंबिक हिंसाचारापासून महिलांचे संरक्षण कायदा, 2005 याच्या कलम 30 नुसार संरक्षण अधिकारी आणि सेवा पुरवणाऱ्या संस्थांचे सदस्य त्या कायद्याखाली काम करीत असताना लोकसेवक मानले जातात. अट एवढीच की, आपली संस्था कलम 10 खाली राज्य सरकारकडे सेवा पुरवणारी संस्था म्हणून नोंदलेली असली पाहिजे. सोसायटी किंवा न्यास म्हणून झालेली नोंदणी यासाठी पुरेशी नाही. ही नोंदणी नसेल तर त्यासाठी अर्ज करणे हे आपले पहिले काम समजावे आणि ती झाल्यावर प्रत्येक कार्यकर्तीला नियुक्तिपत्र द्यावे, ज्यात ती कोणत्या कायद्याखाली काम करते ते स्पष्ट लिहिलेले असेल. बालविवाहाच्या कायद्यात मात्र लोकसेवकाचा दर्जा प्रतिबंध अधिकाऱ्याला आहे. त्याला साहाय्य करणाऱ्या संस्थेच्या पदाधिकाऱ्याला तो आपोआप मिळत नाही.

आपण सांगितलेल्या प्रसंगात मारहाण झाली नसली तरी कडी लावून कोंडणे हा अन्यायाने कैद करण्याचा गुन्हा आहे, कलम 127, आणि तो दखलपात्र आहे. तक्रार देताना मंडळी "धमकी दिली" एवढेच लिहितात आणि कडीचा उल्लेख राहून जातो, त्यामुळे ठाण्यातला हवालदार ते किरकोळ समजतो. घडले तसे, क्रमाने, त्याच दिवशी लिहून काढावे. हद्दीच्या कारणावरून तक्रार नाकारता येत नाही. नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 173 प्रमाणे कोणत्याही ठाण्यात ती देता येते, इलेक्ट्रॉनिक माध्यमातूनही पाठवता येते, मात्र मग तीन दिवसांत स्वाक्षरी करावी लागते.

आणखी एक. कामाच्या ठिकाणी होणाऱ्या लैंगिक छळाविरुद्धचा 2013 चा कायदा कार्यालयाच्या चार भिंतींपुरता नाही. नोकरीच्या निमित्ताने जिथे जावे लागते ती जागा, अगदी त्यासाठी संस्थेने दिलेले वाहनसुद्धा, कामाचे ठिकाण ठरते. कलम 19 प्रमाणे तिथे संपर्कात येणाऱ्या बाहेरच्या व्यक्तींपासूनही सुरक्षित वातावरण देणे हे मालकाचे कर्तव्य आहे आणि छळ करणारा बाहेरचा असला तरी, पीडितेची इच्छा असल्यास, त्याच्यावर कारवाई सुरू करण्यासाठी संस्थेनेच पुढाकार घ्यायचा आहे. "सोसावेच लागते" म्हणणाऱ्या आपल्या विश्वस्तांना हे कलम नम्रपणे वाचायला द्यावे.


उत्तर: रुग्णालयातील समाजसेविका, ग्वाल्हेर

चर्चा गृहभेटींची असली तरी एक गोष्ट जोडते. आमच्याकडे बहुतेक प्रसंग टेबलापलीकडूनच घडतात: मृतदेह मिळायला उशीर, योजनेतून खर्च नामंजूर, जळालेल्या सुनेचा जबाब. समुपदेशनाच्या खोलीत समाजसेविकेची खुर्ची दाराच्या बाजूला असावी आणि टेबलावर काचेचा पेपरवेट किंवा कात्री नसावी, एवढे बदल करायला कोणाची मंजुरी लागत नाही. मध्य प्रदेशात चिकित्सक आणि वैद्यकीय सेवेशी संबंधित व्यक्तींच्या सुरक्षेसाठी 2008 चा कायदा आहे. रुग्णालयाशी जोडून काम करणाऱ्या संस्थांनी तो जरूर पाहावा.


उत्तर: जुना कार्यकर्ता, रामबाग

थोडा वेगळा सूर लावतो. मी कापड गिरण्या बंद पडण्याच्या काळापासून वस्त्यांत फिरतो आहे. आपण प्रत्येक घराकडे जोखीम म्हणून पाहू लागलो, दोघी-दोघींनी, फोन हातात धरून जाऊ लागलो, तर वस्ती आपल्याला सरकारी वसुलीवाल्यांच्या रांगेत बसवेल. कार्यकर्त्याचे खरे संरक्षण वस्तीच करते. आपल्याच प्रसंगात दार कोणी ठोठावले? शेजारणीने. पोलिसाला बरोबर घेऊन गेलेल्या कार्यकर्त्यासाठी ते दार ठोठावले जाणार नाही.

1 एप्रिल 2020 रोजी आपल्या इंदुरातल्या टाटपट्टी बाखलमध्ये करोनाच्या तपासणीला गेलेल्या आरोग्य पथकावर दगडफेक झाली आणि दोन महिला डॉक्टरांना इजा झाली, ते आपणा सर्वांना आठवत असेल. कारवाई झाली, पुढे साथरोग कायद्यात दुरुस्ती होऊन आरोग्यसेवकांवरील हल्ल्याला कठोर शिक्षाही आली. परंतु त्या गल्लीत आधीपासून अफवा फिरत होत्या, आणि ज्याच्या शब्दाला तिथे वजन आहे अशा माणसाशी कोणी आधी बोलले असते तर कदाचित चित्र निराळे दिसले असते, असे मला वाटत राहते.


उत्तर: वस्तीतच राहणारी कार्यकर्ती, मूसाखेडी

काकांचा मान राखून लिहिते. वस्ती संरक्षण करते हे खरे आहे, पण ती शेजारीण आता त्या माणसाच्या भिंतीला भिंत लावून राहते आहे, तिचे काय? दार ठोठावल्याची किंमत तिलाही मोजावी लागू शकते, हे समन्वयकांनी लक्षात घ्यावे आणि तक्रारीत तिचे नाव घालण्यापूर्वी तिला विचारावे.

वरची सगळी चर्चा असे गृहीत धरते की कार्यकर्ती संध्याकाळी दुसरीकडे आपल्या घरी जाते. आमच्यासारख्यांचे तसे नाही. आशा कार्यकर्ती, अंगणवाडी सेविका, संस्थांनी वस्तीतूनच निवडलेल्या आम्ही मुली, ज्याच्याविरुद्ध तक्रार लिहिली त्याच्याच दुकानातून दूध आणतो, त्याच्या मुलांबरोबर आमची मुले शाळेत जातात आणि नळावर त्याची बहीण भेटते. दुचाकी गल्लीच्या तोंडाकडे वळवून उपयोग काय, गल्ली तर आमचीच आहे. मला कोणी हात लावलेला नाही. पण एका प्रकरणानंतर माझ्या सासऱ्यांना चौकात उभे करून "सुनेला आवरा" असे सांगितले गेले आणि त्या रात्री घरात माझ्या नोकरीवरून जे झाले, ते कोणत्याही धमकीपेक्षा जड होते. अशा गोष्टींची नोंद कोणत्याच रजिस्टरमध्ये होत नाही.

राजस्थानातील भंवरीदेवी याच प्रकारच्या कार्यकर्त्या होत्या. त्या भटेरी गावच्याच, सरकारच्या महिला विकास कार्यक्रमात साथिन म्हणून मानधनावर काम करीत. गावातल्या एका तान्ह्या मुलीचे लग्न रोखण्याचा प्रयत्न केल्यावर 1992 मध्ये त्यांच्यावर सामूहिक बलात्कार झाला. 1995 मध्ये सत्र न्यायालयाने आरोपींना त्या गुन्ह्यातून सोडले. त्यातून उभ्या राहिलेल्या याचिकेवर 1997 मध्ये विशाखा मार्गदर्शक तत्त्वे आली आणि पुढे वकीलसाहेबांनी सांगितलेला 2013 चा कायदा. देशभरच्या कार्यालयांत समित्या बसल्या, हे चांगलेच झाले. पण स्वतःच्या गावात राहून काम करणाऱ्या बाईचे रक्षण कसे करायचे, तो मूळ प्रश्न होता तिथेच आहे.

माझी सूचना अशी आहे की, वस्तीतील कार्यकर्तीला तिच्याच गल्लीतील हिंसाचाराचे प्रकरण देऊ नये. तिने फक्त बाईला कार्यालयाचा पत्ता सांगावा. पुढचे सगळे दुसऱ्या वस्तीतील कार्यकर्तीने हाताळावे आणि कागदावर कुठेही पहिलीची सही नसावी. आमच्या दोन-तीन वस्त्यांच्या गटांत आम्ही अशी अदलाबदल करतो आणि तिचा उपयोग होतो. दुसरे म्हणजे, संस्थेतल्या कोणी मोठ्या व्यक्तीने वर्षातून एकदा तरी आमच्या घरी यावे, सासू-सासऱ्यांशी बोलावे आणि हे काम संस्थेचे आहे, मुलीचा आगाऊपणा नाही, हे त्यांना समजावून सांगावे.


उत्तर: समाजकार्याच्या अध्यापिका

एक लहानशी भर. इंदुरात 1951 पासून समाजकार्याचे शिक्षण दिले जाते आणि क्षेत्रकार्यासाठी विद्यार्थी आपल्यासारख्या संस्थांत येत असतात. त्यांच्याकडे ना नियुक्तिपत्र असते, ना अनुभव, आणि नाही म्हणण्याचे धैर्य तर नसतेच, कारण गुण आपल्या हाती असतात. अमेरिकेतील समाजकार्यकर्त्यांच्या राष्ट्रीय संघटनेने 2013 मध्ये सुरक्षिततेची जी मार्गदर्शक तत्त्वे प्रसिद्ध केली, त्यांत विद्यार्थ्यांचा स्वतंत्र विचार केलेला आहे. आपली नियमावली तयार करताना त्यांना विसरू नये.


प्रश्नकर्त्याचे म्हणणे: समन्वयक, परदेशीपुरा

सर्वांचे मनःपूर्वक आभार. कलम 10 खालील नोंदणीची चौकशी सुरू केली आहे. आमची ती नोंदणी नाही, हे आता कळले. वस्तीतील ताईंची अदलाबदलीची सूचना तर ताबडतोब अमलात आणण्यासारखी आहे. शेजारच्या बाईंना विचारले. त्यांना नाव नको आहे आणि ते आम्ही घालणार नाही. कार्यकर्ती मात्र तक्रार द्यायला तयार आहे, आणि तिच्याबरोबर ठाण्यात मी व एक विश्वस्त जाणार आहोत.

एक अडचण उरते. आम्हाला निधी देणाऱ्यांच्या अहवालात दरमहा किती गृहभेटी झाल्या, याचा रकाना असतो. दोघी एकत्र गेल्या तर भेटी निम्म्या दिसतात, आणि दारातून परत आलेली भेट तर दिसतच नाही. त्यामुळे मुली परत फिरायला कचरतात. यावर काय करावे?


उत्तर: निवृत्त पर्यवेक्षिका, सुदामानगर

ही अडचण सरकारी खात्यातही होती आणि माझ्या मते सगळ्या चर्चेतला हाच कळीचा मुद्दा आहे. परत फिरण्याची परवानगी तोंडी देऊन उपयोग नसतो. महिन्याच्या शेवटी तिचा आकडा कमी भरला की ती परवानगी संपते.

आपल्या स्वतःच्या मासिक तक्त्यात "सुरक्षिततेच्या कारणावरून परत" असा रकाना घाला आणि ती भेट पूर्ण झालेल्या भेटींत धरा. शेजारी एका ओळीत कारण लिहिलेले असू द्या: नवरा प्यालेला होता, अनोळखी पुरुष घरात होते, कुत्रा सोडलेला होता, किंवा नुसते मनाला खटकत होते. शेवटचे कारणही ग्राह्य धरा आणि त्यावर खुलासा मागू नका. काही महिन्यांच्या नोंदी जमल्या की कोणत्या गल्ल्या, कोणत्या वेळा, पगाराच्या आसपासचे कोणते दिवस, हे आपोआप दिसू लागेल आणि निधी देणाऱ्यांसमोर ठेवायला आपल्याकडे कागद असेल. पुढच्या प्रस्तावात दुसऱ्या कार्यकर्तीचे रिक्षाभाडे, संस्थेचे सिमकार्ड आणि सामूहिक अपघात विमा हे तीन खर्च स्वतंत्र दाखवा. प्रवासखर्चात मिसळले की कपात करताना सगळ्यात आधी तेच जातात.

ठाण्यात जाताना कार्यकर्तीच्या हातचा, त्याच दिवशी लिहिलेला जबाब बरोबर न्यावा. तो अजून लिहिला नसेल तर आज लिहून घ्या, आणि कडीचा उल्लेख वकीलसाहेबांनी सांगितल्याप्रमाणे पहिल्याच परिच्छेदात येऊ द्या.